अफवा, फॉरवर्ड आणि अनोळखी माणूस



आजचा विषय आहे समाजमाध्यमांवरून पसरणारी चुकीची माहिती आणि तिचा समाजावर होणारा परिणाम. विषय मोठा आहे. त्यावर बोलायला बसलं की बहुतेक वेळा गाडी एकाच ठिकाणी अडकते: 'आजकाल काय, कोणीही काहीही पाठवतं आणि लोक विश्वास ठेवतात.' हे वाक्य ऐकायला बरं वाटतं, कारण त्यातले 'लोक' म्हणजे नेहमी दुसरेच असतात. म्हणून आज आम्ही आपल्याच महाराष्ट्रातली एक घटना समोर ठेवणार आहोत. चुकीची माहिती कशी जन्मते, कशी धावते आणि शेवटी कोणाच्या अंगावर कोसळते, हे त्या घटनेच्या आधाराने समजून घेऊ.

घटना आहे १ जुलै २०१८ ची. धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात राईनपाडा नावाचं छोटं आदिवासी गाव आहे. रविवार होता, आठवडे बाजाराचा दिवस. त्या दिवशी गावात पाच अनोळखी माणसं दिसली. ती होती नाथपंथी डवरी गोसावी समाजाची, सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याकडची. हा भटका समाज आहे. गावोगाव फिरायचं, भिक्षा मागायची, पाल टाकून राहायचं, पुढच्या गावाला जायचं, असं त्यांचं पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं जगणं. त्या आधीचे कित्येक दिवस त्या सगळ्या पट्ट्यात मोबाइलवर एक संदेश फिरत होता: मुलं पळवणारी टोळी आली आहे, सावध राहा. या पाच जणांपैकी एकजण एका लहान मुलीशी बोलताना दिसला, असं कोणीतरी म्हणालं. तेवढं पुरलं. जमाव जमला. त्यांना मारत मारत ग्रामपंचायतीच्या खोलीत नेलं आणि तिथेच पाचही जणांचा जीव घेतला.

आता एक प्रश्न विचारून बघा. यात खोटं कोण बोललं?

ज्याने संदेश पुढे पाठवला, त्याला वाटत होतं की आपण आपल्या माणसांना सावध करतोय. ज्याला तो मिळाला, त्याला वाटलं की भावाने पाठवलाय, शेजाऱ्याने पाठवलाय, म्हणजे काहीतरी असणार. शेकडो, हजारो माणसांची ही साखळी आहे आणि तिच्यातल्या बहुतेकांचा हेतू चांगला होता. अभ्यासक इथे दोन गोष्टी वेगळ्या करतात. एक, जाणूनबुजून रचलेली खोटी माहिती. तिला आपण अपप्रचार म्हणू. दुसरी, खरी समजून पुढे दिलेली चुकीची माहिती. पहिलीला कर्ता लागतो. दुसरीला फक्त काळजी करणारी माणसं लागतात. अपप्रचार करणारा एखादाच असला तरी चालतं, कारण पुढचं सगळं काम काळजीवाहू माणसं फुकटात करून देतात.

मग त्या काळात फिरणाऱ्या संदेशांत होतं तरी काय? २०१८ साली देशभर एक व्हिडिओ फिरला होता. मोटारसायकलवरून दोघं येतात, रस्त्यावर खेळणाऱ्या मुलांपैकी एकाला उचलतात आणि निघून जातात. पाहणाऱ्याच्या पोटात गोळाच येतो. पण हा व्हिडिओ भारतातला नव्हताच. कराचीतल्या एका संस्थेने २०१६ साली मुलांच्या सुरक्षिततेबद्दल जागृती करण्यासाठी केलेली ती जाहिरात होती. मूळ चित्रफितीत पुढे तेच दोघं परत येतात, मुलाला सुखरूप खाली उतरवतात आणि पालकांनी सावध राहावं असा फलक दाखवतात. कोणीतरी तेवढा शेवट कापला. बस्स. एक चौकट नवी काढली नाही, एक शब्द नवा घातला नाही. आपल्याकडे 'ध चा मा' करणं म्हणतात ना, तसंच. पेशवाईच्या त्या गोष्टीत एक अक्षर बदलतं आणि हुकुमाचा अर्थ उलटा होतो. इथे काही सेकंद गेले आणि मुलांना वाचवण्यासाठी केलेली जाहिरात माणसं मारायचं निमित्त झाली.

याच संदेशांबरोबर लहान मुलांच्या मृतदेहांच्या रांगांचे फोटो फिरत होते. 'बघा, किडन्या काढून मुलं टाकली आहेत' असा मजकूर खाली असायचा. ते फोटो होते सीरियातल्या २०१३ सालच्या विषारी वायूच्या हल्ल्यातले. मुलं खरीच मेली होती, फोटो खरेच होते, खोटी होती ती फक्त खालची ओळ. हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. चुकीची माहिती पुष्कळदा शंभर टक्के बनावट नसते. खऱ्या गोष्टीची जागा, तारीख किंवा शेवट बदलला की काम होतं.

बरं, लोक यावर विश्वास का ठेवतात? 'अडाणी आहेत म्हणून' हे उत्तर आम्हाला पटत नाही, आणि त्याला कारणं आहेत.

पहिलं कारण म्हणजे भीती आधीपासून असते. १५ जानेवारी १९३४ ला बिहारमध्ये मोठा भूकंप झाला. त्यानंतर जमुना प्रसाद या मानसशास्त्रज्ञाने लोकांमध्ये पसरलेल्या अफवा गोळा केल्या. त्यांत एक चमत्कारिक गोष्ट दिसली. जिथे धक्का जोरात जाणवला पण फारशी पडझड झाली नाही, तिथल्या लोकांत 'अजून मोठं संकट येणार' अशा भयंकर अफवा उठल्या होत्या. पुढे १९५७ साली लिऑन फेस्टिंजर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने याचा अर्थ लावला. माणसं घाबरलेली होती, पण डोळ्यांसमोर घाबरण्यासारखं काही दिसत नव्हतं. अफवेने त्यांच्या भीतीला कारण पुरवलं. म्हणजे आपण समजतो की अफवा ऐकून माणूस घाबरतो. पुष्कळदा उलटंही घडतं. माणूस आधीच घाबरलेला असतो आणि अफवा त्याला सांगते की तुझी भीती बरोबर आहे.

ज्या वस्तीतली मोठी माणसं दिवसभर शेतावर किंवा मजुरीला जातात आणि मुलं मागे राहतात, तिथे मुलांची काळजी ही खरी काळजी आहे. त्या काळजीला संदेशाने एक चेहरा दिला: अनोळखी, परक्या भाषेचा, फिरस्ता माणूस.

दुसरं कारण म्हणजे पुन्हा पुन्हा ऐकणं. १९७७ साली अमेरिकेत एक प्रयोग झाला. विद्यार्थ्यांना काही विधानं दिली आणि ती कितपत खरी वाटतात ते विचारलं. दोन-दोन आठवड्यांनी असं तीनदा केलं, त्यात काही विधानं मुद्दाम पुन्हा घातली. पुन्हा आलेली विधानं दर वेळी जास्त खरी वाटू लागली, मग ती मुळात खरी असोत की खोटी. एकच संदेश सकाळी नातेवाइकांच्या ग्रुपवर, दुपारी मित्रांच्या ग्रुपवर आणि रात्री गावाच्या ग्रुपवर दिसला की आपल्याला वाटतं तीन जणांनी तीन ठिकाणी हे पाहिलंय. प्रत्यक्षात एकाच घागरीतलं पाणी तीन पेल्यांतून आलेलं असतं.

तिसरं कारण सगळ्यांत महत्त्वाचं, ते म्हणजे पाठवणारा. वर्तमानपत्रातली बातमी परक्याने लिहिलेली असते. व्हॉट्सअॅपवरचा संदेश मामाने पाठवलेला असतो. मामा खोटं बोलत नाही, हे बरोबरच आहे. पण मामाने ते पाहिलेलं नाही, हे आपण विसरतो. मामावरचा विश्वास आपण नकळत संदेशाला देऊन टाकतो.

अफवा काही आजच्या नाहीत. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला, तेव्हा रुग्णालयात नेलेल्या माणसांना मारून त्यांच्यापासून 'मोमियाई' नावाचं औषध काढतात अशी अफवा होती आणि त्या ऑक्टोबरात गिरणी कामगारांच्या जमावाने आर्थर रोडच्या रुग्णालयावर हल्ला केला होता. २१ सप्टेंबर १९९५ ला गणपती दूध पितो ही बातमी एका दिवसात देशभर पोचली, परदेशांतल्या मंदिरांपर्यंत गेली. तेव्हा हातात मोबाइल नव्हते, लँडलाइनवर काम झालं. मग आता नवीन काय?

नवीन आहे वेग आणि निनावीपणा. एक साधं गणित करा. एक संदेश तुम्ही पाच जणांना पाठवला, त्या प्रत्येकाने आणखी पाच जणांना, असं चालू राहिलं, तर आठव्या पायरीला तो ३ लाख ९० हजार ६२५ जणांच्या हातात असतो. प्रत्येक पायरीला दहा मिनिटं धरली तरी दीड तासाच्या आत. कर्णोपकर्णी जाणारी गोष्ट थकत थकत जाते, वाटेत एखादा म्हणतो 'छे, काहीतरीच काय'. फॉरवर्ड थकत नाही. शिवाय सांगणाऱ्याला पूर्वी स्वतःच्या तोंडाने सांगावं लागायचं, म्हणजे थोडी तरी जबाबदारी यायची. फॉरवर्डमध्ये सांगणारा म्हणतो, 'मी फक्त पुढे पाठवलं.'

खरी बातमीही अशीच धावते की, असं कोणी म्हणेल. अमेरिकेतल्या एमआयटीच्या संशोधकांनी ट्विटरवर २००६ ते २०१७ या काळात पसरलेल्या सुमारे १ लाख २६ हजार बातम्यांचा प्रवास तपासला आणि मार्च २०१८ मध्ये तो प्रसिद्ध केला. खोटी बातमी पुढे पाठवली जाण्याची शक्यता खऱ्या बातमीपेक्षा ७० टक्क्यांनी जास्त होती. १,५०० माणसांपर्यंत पोचायला खऱ्या बातमीला सुमारे सहापट वेळ लागत होता. आणि हे यंत्रांनी चालवलेल्या खोट्या खात्यांमुळे नव्हतं. ती खाती वगळली तरी निष्कर्ष तोच राहिला. म्हणजे पसरवणारी माणसंच होती. खोटी गोष्ट जास्त नवी, जास्त धक्कादायक वाटते आणि नवी गोष्ट आधी सांगायला आपल्या सगळ्यांनाच आवडतं.

हे फक्त दुर्गम पाड्यांवर घडतं असंही समजू नका. १६ एप्रिल २०२० च्या रात्री, टाळेबंदीत, पालघर जिल्ह्यातल्या गडचिंचले गावाजवळ दोन साधू आणि त्यांचा गाडीचालक अशा तिघांना जमावाने मारलं. तिथेही आधी चोरांच्या, मुलं पळवणाऱ्यांच्या अफवा होत्या. पण पुढे काय झालं ते बघा. घटनेचा व्हिडिओ शहरांत, शिकलेल्या लोकांच्या फोनवर पोचला आणि त्यावर दुसरी अफवा उगवली. जमावात कोणीतरी 'ओये बस' असं ओरडत होतं, ते 'शोएब बस' असं ऐकलं गेलं आणि या हत्येला धार्मिक रंग दिला गेला. शेवटी राज्याच्या गृहमंत्र्यांना अटक केलेल्या १०१ जणांची यादी जाहीर करून त्यात एकही मुस्लिम नाही, असं सांगावं लागलं. पहिली अफवा पाड्यावर पसरली, दुसरी फ्लॅटमध्ये. शिक्षणाने आपण अफवेपासून आपोआप सुरक्षित होत नाही. आपल्या मनातली भीती कोणती, यावर आपली अफवा ठरते.

दर वेळी जीवच जातो असं नाही. त्याच वर्षी फेब्रुवारी-मार्चमध्ये 'कोंबडीमुळे कोरोना होतो' असे संदेश फिरले. लोकांनी चिकन आणि अंडी खाणं सोडलं, भाव कोसळले आणि महाराष्ट्रातल्या कुक्कुटपालन करणाऱ्या शेतकऱ्यांचं प्रचंड नुकसान झालं. संदेश पाठवणाऱ्याचं काही गेलं नाही. कर्ज काढून शेड उभारलेल्या शेतकऱ्याचं गेलं.

हा मुद्दा आम्हाला आज विशेष मांडायचा आहे. चुकीच्या माहितीची किंमत ती पसरवणारा देत नाही, तिच्यावर विश्वास ठेवणाराही पुष्कळदा देत नाही. जो त्या साखळीत नसतोच, तो देतो. राईनपाड्यातल्या त्या पाच जणांची बाजू घेऊन बोलेल असं त्या गावात कोणी ओळखीचं नव्हतं. 'अरे, हे आपल्या अमक्याचे पाहुणे आहेत' एवढं एक वाक्य त्यांना वाचवू शकलं असतं. भटक्या माणसाजवळ नेमकं तेच नसतं. त्याचं पोटच अनोळखी गावांत जाण्यावर चालतं. त्यात संशयाचा इतिहास जुना आहे. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमाती कायदा केला आणि कितीतरी जमातींवर जन्मतःच गुन्हेगार असा शिक्का मारला. कायदा १९५२ साली गेला, पण 'फिरस्ता म्हणजे चोर' ही नजर अजून गेली नाही. अफवेने ती नजर निर्माण केली नाही, फक्त तिच्या हातात दगड दिला.

मग उपाय काय? दोन उपाय वरून आले. जुलै २०१८ मध्ये व्हॉट्सअॅपने भारतात एका वेळी पाचच चॅटना संदेश पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. एप्रिल २०२० मध्ये, खूप वेळा फॉरवर्ड झालेला संदेश एका वेळी एकाच चॅटला पाठवता येईल असं केलं. त्यामुळे असे संदेश पसरणं सुमारे ७० टक्क्यांनी कमी झालं, असं कंपनीने सांगितलं. म्हणजे वेग कमी केला की फरक पडतो. दुसरीकडे १७ जुलै २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने जमावहत्यांबाबत निकाल दिला आणि प्रत्येक जिल्ह्यात पोलीस अधीक्षकाच्या दर्जाचा एक जबाबदार अधिकारी नेमायला सांगितलं.

दोन्ही गरजेचं होतं. पण आम्हाला वाटतं की खरा धडा वेगळ्या दोन घटनांत आहे. दोन्ही २०१८ च्याच.

पहिली त्रिपुरातली, २८ जूनची. म्हणजे राईनपाड्याच्या तीनच दिवस आधीची. मुलं पळवण्याच्या अफवांवर विश्वास ठेवू नका, हे ध्वनिक्षेपकावरून सांगायला सरकारने एका तरुणाला गावोगाव पाठवलं होतं. जमावाने त्यालाच मुलं पळवणारा समजून ठार मारलं. तो जे सांगत होता ते खरं होतं. पण तो त्या गावाला अनोळखी होता.

दुसरी तेलंगणातल्या जोगुलांबा गडवाल भागातली. तिथे रेमा राजेश्वरी या पोलीस अधीक्षक होत्या. त्यांनी हवालदारांना गावं वाटून दिली, गावात जाऊन बसायला, लोकांशी ओळख करायला सांगितलं. गावच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमध्ये पोलीस सामील झाले. लोककलावंतांना घेऊन, ढोल वाजवून, गाणी म्हणून अफवांबद्दल सांगितलं. आणि हे अफवा शिगेला पोचायच्या आधी सुरू केलं. त्या काळात तिथे अफवेपायी कोणाचा बळी गेला नाही.

दोन्हीकडे सांगणं एकच होतं. फरक सांगणारा कोण आणि तो केव्हा आला, यात होता. अफवा ओळखीच्या माणसाकडून येते, म्हणून तिचं उत्तरही ओळखीच्याच माणसाकडून यावं लागतं. दिल्ली-मुंबईतल्या सत्यशोधन करणाऱ्या संस्था आपलं काम करतात, पण त्यांचा दुवा तुमच्या गावच्या ग्रुपवर कोणी उघडत नाही. तुम्ही टाकलेला एक साधा संदेश मात्र वाचला जातो. म्हणून ही जबाबदारी फिरून आपल्याकडेच येते.

आता थोडं व्यवहाराचं बोलू. संदेश आला की तीन प्रश्न विचारा: कुठे घडलं, कधी घडलं, कोणी पाहिलं? 'काल आपल्याकडे एका मुलीला उचललं' यात गाव नाही, तारीख नाही, पाहणारा नाही. अशी बातमी अंगावर काटा आणत असेल, तर आणखी थांबा. काटा यावा म्हणूनच ती तशी लिहिलेली असते. आणि 'खरं-खोटं माहीत नाही, पण पाठवतो' असं लिहून पाठवू नका. तुमचे पहिले तीन शब्द पुढच्या माणसापर्यंत पोचत नाहीत, बातमी तेवढी पोचते.

घरातल्या मोठ्यांचं काय, हा प्रश्न नेहमी येतो. काकांनी ग्रुपवर काही टाकलं आणि पुतण्याने सगळ्यांसमोर 'काका, हे फेक आहे' म्हटलं, की विषय माहितीचा राहत नाही, मानाचा होतो. काका आणखी तीन संदेश टाकतात. त्यापेक्षा फोन करा. 'काका, तो व्हिडिओ मी शोधला, तो कराचीतला निघाला, त्याचा शेवट कापलाय. तुम्हीच ग्रुपवर सांगता का?' असं म्हणा. काकांनी स्वतः सांगितलेलं ग्रुपवर जास्त ऐकलं जातं. गप्प मात्र बसू नका. ग्रुपवर कोणी काहीच बोललं नाही की सगळ्यांना वाटतं, सगळ्यांना पटलंय.

आणि कधी गावात, सोसायटीच्या दारात अनोळखी माणसाभोवती घोळका जमताना दिसला, तर ११२ ला फोन करा. गावात असाल तर पोलीस पाटलाला बोलवा. मुलाबद्दल खरीच काळजी वाटत असेल तर १०९८ ही बालकांसाठीची मदत-सेवा आहे. जमाव तापल्यावर बोलणं अवघड असतं, हे आम्ही जाणतो. पण जमाव जमायला लागतो त्या पहिल्या काही मिनिटांत गावातल्याच एखाद्या माणसाने 'थांबा, आधी विचारू तर' म्हटलं, तर पुष्कळदा वळण बदलतं. राईनपाड्यात नेमका तो आवाज कमी पडला.

चुकीच्या माहितीमुळे समाजाचं जे सगळ्यांत मोठं नुकसान होतं, ते मोजता येत नाही. दारात आलेल्या माणसाला 'कोण पाहुणे? कुठून आलात?' असं विचारायची आपल्याकडे जुनी रीत आहे. आधी पाणी, मग चौकशी. उत्तर ऐकायच्या आधीच ते फोनवर येऊन बसलं, तर प्रश्न विचारायची गरज कोणाला वाटणार? ही रीत टिकवायची असेल, तर पुढचा संदेश पाठवण्याआधी घटकाभर थांबायला हवं. तेवढं आपल्यापैकी प्रत्येकाला जमण्यासारखं आहे.

इथे थांबतो.